मोकाट राक्षस आणि हसणारे प्रेक्षक: एका जुन्या भयविनोदपटाची उकल

मे १९४६मध्ये वॉर्नर ब्रदर्सने ‘हेअर-रेझिंग हेअर’ नावाचा एक व्यंगचित्र-लघुपट प्रदर्शित केला. त्याचे दिग्दर्शक होते चक जोन्स, कथा टेड पियर्स यांची होती, आणि नायक अर्थातच बग्ज बनी हा ससा. इंग्रजीत केस आणि ससा या दोन्ही शब्दांचा उच्चार एकच होतो, त्यावर हे शीर्षक बेतलेले आहे. भीतीने आपल्या अंगावर काटा येतो, तर इंग्रजांचे केस उभे राहतात, त्यामुळे हा श्लेष मराठीत आणायची सोय नाही. कथा मात्र एका दमात सांगता येते. एका वेड्या शास्त्रज्ञाला आपल्या राक्षसाच्या जेवणासाठी ससा हवा असतो, म्हणून तो बग्जला भुलवून आपल्या गढीत आणतो, दाराला कुलूप घालतो आणि राक्षसाला मोकळे सोडतो.

ही कथा जशीच्या तशी एखाद्या लहान मुलाला रात्री अंथरुणात सांगितली, तर ते मूल झोपणार नाही. अंधार, अनोळखी माणूस, बंद दार आणि भुकेले जनावर हे भीतीचे सगळे सामान तिच्यात आहे. तरीही गेली जवळजवळ ऐंशी वर्षे ती पाहणारी मुले हसत आली आहेत. ‘ते कार्टून आहे, म्हणून हसतात’ हे उत्तर पुरेसे नाही, कारण कार्टूनलाही घाबरवता येते. डिस्नेचा हिमगौरीवरचा चित्रपट १९३८ साली ब्रिटनमध्ये गेला, तेव्हा त्यातल्या चेटकिणीमुळे आणि भेसूर अरण्यामुळे तिथल्या परीक्षण मंडळाने त्याला मुलांनी मोठ्यांच्या सोबतीनेच पाहण्याचे प्रमाणपत्र दिले होते. म्हणजे रेषा तीच, रंग तेच, आणि तरी एका ठिकाणी किंकाळी निघते व दुसऱ्या ठिकाणी हसू फुटते. हे कसे घडते, ते या सात-साडेसात मिनिटांच्या लघुपटाच्या आधारे पाहता येईल.

सुरुवात थोडी लांबून करावी लागेल, पण ती वाट आपल्या परिचयाची आहे. भरताच्या नाट्यशास्त्रात हास्य आणि भयानक हे दोन वेगळे रस आहेत, आणि प्रत्येक रस कशाने उत्पन्न होतो याची कारणे, म्हणजे विभाव, तिथे दिलेली आहेत. भयानकाच्या कारणांत भरत विकृत आवाज, विकृत प्राण्याचे दर्शन, कोल्हे आणि घुबडे, अरण्य आणि ओसाड घर यांची नावे घेतो. भयपटाच्या नेपथ्यकाराच्या हाती ही यादी आज दिली, तरी तो निमूटपणे कामाला लागेल. आता हास्याची कारणे पाहावीत: विकृत वेष, विकृत अलंकार, विकृत आचरण, विकृत बोलणे. दोन्हीकडे शब्द एकच आहे. जे नेहमीच्या घडणीपासून ढळलेले आहे, ज्याचा आकार, आवाज किंवा वागणे आपल्या अपेक्षेत बसत नाही, ते विकृत. आणि त्यातूनच भीतीही निघते व हसूही. एकाच पिठाची पोळीही होते आणि पुरीही, तसा हा प्रकार आहे. फरक पुढच्या कृतीत पडतो.

पुढच्या काळातल्या शास्त्रकारांना या शेजाराची अडचण जाणवली असावी. चौदाव्या शतकातल्या विश्वनाथाने ‘साहित्यदर्पण’ या ग्रंथात भयानक आणि करुण या रसांशी हास्याचा विरोध असतो, असे स्पष्ट सांगितले. तर्क सरळ आहे: जो जिवाच्या भीतीने थरथरतो आहे, त्याला विनोद सुचत नाही. पण त्याच्या पाचशे वर्षे आधी काश्मीरच्या आनंदवर्धनाने ‘ध्वन्यालोक’मध्ये विरोधी रसांना एकत्र नांदवण्याच्या युक्त्या देऊन ठेवल्या होत्या. त्यांतली एक अशी की, दोन विरोधी भावांचे आश्रय वेगळे करावेत, म्हणजे ते दोन वेगळ्या व्यक्तींच्या ठिकाणी दाखवावेत. वीररस नायकाकडे असेल तर भय त्याच्या शत्रूकडे द्यावे, म्हणजे दोघांचे भांडण होत नाही. दुसरी युक्ती अशी की, एकाच व्यक्तीत दोन्ही दाखवायचे असतील तर मध्ये तिसरा रस घालून अंतर पाडावे. या दोन्ही युक्त्या आपल्याला पुढे लागणार आहेत.

आधुनिक अभ्यासकांनी याच प्रश्नाकडे वेगळ्या वाटेने पाहिले. अमेरिकन तत्त्वज्ञ नोएल कॅरल यांनी १९९९ साली भय आणि विनोद यांच्या नात्यावर लिहिलेल्या निबंधात असे मांडले की, भयकथेतला राक्षस दोन गोष्टींनी बनतो: तो आपल्या मनातल्या वर्गवारीत बसत नाही, आणि तो आपल्याला इजा करू शकतो. मेलेला पण चालणारा, अर्धा माणूस अर्धा लांडगा, असा तो कोणत्याच खणात मावत नाही. विदूषकही असाच असतो. त्याचा रंग, त्याचे नाक, त्याचे शरीर माणसाच्या मापात नसते. दोघांमधला फरक इजेचा. राक्षसाकडून इजेची शक्यता काढून घेतली, की मागे विदूषक उरतो. आणि विदूषकाच्या हाती सुरा दिला, की तो राक्षस होतो. पीटर मॅकग्रॉ आणि केलेब वॉरन या मानसशास्त्रज्ञांनी २०१० साली मांडलेला सिद्धान्तही याच्या जवळचा आहे: काहीतरी मर्यादा मोडली जात आहे, आणि तरीही सारे ठीक आहे, या दोन्ही गोष्टी एकाच वेळी जाणवल्या की माणूस हसतो. गुदगुल्या हे त्याचे सर्वांत सोपे उदाहरण आहे. ओळखीच्या माणसाने पोटाकडे हात नेला तर आपण हसतो. तेच अनोळखी माणसाने केले तर किंचाळतो.

आता आपल्या राक्षसाकडे वळू. तो दारातून बाहेर येतो तेव्हा त्याचा आकार पडदा व्यापतो. अंगभर तांबूस-नारिंगी केस, मान नाही, खांद्यांपासून खाली निमुळते होत गेलेले बदामाच्या आकाराचे धूड, आणि लांबलचक हात. इथपर्यंत हे ध्यान भयानकाच्या खात्यात जमा होते. पण त्याच्या पायांत पांढरे कॅनव्हासचे बूट आहेत. संपूर्ण लघुपटातली माझ्या मते सर्वांत हुशार गोष्ट हे बूट आहेत, कारण त्यांच्याबद्दल कोणी काही बोलत नाही. नाड्या बांधून बूट घालणारे जनावर कुठेतरी शिस्त पाळणारे असणार, त्याला पाय दुखणे माहीत असणार, अशी जाणीव प्रेक्षकाला शब्दांवाचून होते, आणि इजेची धार तेवढी बोथट होते. या राक्षसाला तेव्हा नावही नव्हते. १९५२च्या एका लघुपटात तो परत आला तेव्हा त्याला रुडॉल्फ म्हटले गेले, आणि १९८० साली ‘गॉसमर’ हे आज रूढ असलेले नाव मिळाले. गॉसमर म्हणजे कोळ्याच्या जाळ्याचा तलम तंतू. भरताच्या भाषेत बोलायचे तर हा विकृत नामाचा नमुना आहे.

शास्त्रज्ञाची गोष्ट वेगळी. जड पापण्यांचे मोठे डोळे, मऊ, किंचित रडवा आवाज, हे सगळे पीटर लॉरे या नटावरून घेतलेले आहे. १९३१ साली जर्मनीत बालहत्याऱ्याची भूमिका करून लॉरे प्रसिद्ध झाला, पुढे हॉलिवूडमध्ये आला आणि तिथे विक्षिप्त, घाबरवणाऱ्या माणसांच्या भूमिकांत अडकला. १९४६च्या प्रेक्षकाला तो चेहरा पाहताक्षणी ओळखू येत असे, आणि विडंबनासाठी ही ओळख आवश्यक असते. जे माहीत नाही, त्याची नक्कल हसवू शकत नाही.

ही ओळख कुठून आली, हे समजल्याशिवाय या प्रकारच्या लघुपटांचा काळ कळत नाही. ओसाड घरात धोका आणि थट्टा एकत्र आणण्याची रीत सिनेमाइतकीच जुनी आहे. जॉर्ज मेलिएस यांनी १८९६ साली पॅरिसजवळ केलेल्या सैतानाच्या गढीवरच्या तीनेक मिनिटांच्या चित्रपटात वटवाघळाचा सैतान होतो आणि पाहुण्यांची त्रेधा उडते. १९२०च्या दशकात न्यूयॉर्कच्या रंगभूमीवर ‘द बॅट’ आणि ‘द कॅट अँड द कॅनरी’ अशा नाटकांनी जुना वाडा, चोरदारे आणि घाबरलेले पाहुणे ही चौकट लोकप्रिय केली. मग १९३१ साली युनिव्हर्सल कंपनीने ड्रॅक्युला आणि फ्रँकेन्स्टाइन पडद्यावर आणले, १९३२ साली ममी आली, १९४१ साली लांडगा-माणूस आला. पंधरा वर्षांत प्रेक्षकांनी हे राक्षस इतक्या वेळा पाहिले की एकेकटा राक्षस पुरेनासा झाला, आणि कंपनी दोन-तीन राक्षस एकाच घरात कोंबू लागली. त्या मालिकेतला शेवटचा गंभीर चित्रपट डिसेंबर १९४५मध्ये आला. १९४८ साली त्याच राक्षसांना त्याच कंपनीने ॲबट आणि कॉस्टेलो या विनोदी जोडीच्या हवाली केले. बग्जचा हा लघुपट बरोबर या दोघांच्या मधल्या काळातला आहे. भीती सवयीची झाली की तिची बोचरी बाजू झिजते आणि चौकट तेवढी उरते. ती उरलेली चौकट विनोदकाराला आयती मिळते. इथे गढीवर चक्क दिव्यांची पाटी लखलखते आणि आत दुष्ट शास्त्रज्ञ राहतो, असे जाहीर करते. गंभीर भयपट जे पंधरा मिनिटे दडवून ठेवील, ते हा लघुपट दुकानाच्या पाटीसारखे बाहेर टांगतो.

लघुपटाची लांबी हाही या उकलीचा भाग आहे. त्या काळी चित्रपटगृहात मुख्य चित्रपटाच्या आधी बातमीपट, एखादा विनोदी लघुपट आणि एक कार्टून दाखवण्याची पद्धत होती. पस्तीस मिलिमीटरची फिल्म मिनिटाला ९० फूट धावते, आणि हजार फुटांच्या एका रिळात सुमारे अकरा मिनिटे मावतात. कार्टूनला त्याहून कमी जागा मिळे, कारण प्रत्येक सेकंदाला २४ चौकटी भराव्या लागत आणि प्रत्येक चित्र हाताने काढलेले असे. सात मिनिटांच्या दहा हजारांवर चौकटी होतात. एकेक चित्र दोन चौकटींसाठी वापरले, तरी हजारो चित्रे लागतात. त्यामुळे जास्तीचे काढून नंतर कापण्याची चैन परवडणारी नव्हती. दिग्दर्शक चित्रे काढायला सुरुवात होण्यापूर्वीच कोणती हालचाल कितव्या चौकटीत सुरू होईल आणि कितव्या चौकटीत थांबेल, याचे तक्ते भरत असे. जिवंत नटाच्या चित्रपटात विनोदाची वेळ संकलनाच्या टेबलावर सुधारता येते. इथे ती आधीच, कागदावर, चौकटींच्या हिशेबाने ठरलेली असते.

हा हिशेब इतका महत्त्वाचा का, याचे कारण आपल्या शरीरात आहे. दचकल्यावर हृदयाचे ठोके वाढतात, श्वास अडकतो, आणि धोका टळल्याचे मनाला कळले तरी शरीर लगेच शांत होत नाही. जर्मन-अमेरिकन मानसशास्त्रज्ञ डोल्फ झिलमन यांनी १९७०च्या दशकात दाखवून दिले की, असा शिल्लक राहिलेला उद्वेग पुढच्या भावनेच्या खात्यात जमा होतो आणि तिची तीव्रता वाढवतो. म्हणजे राक्षसाच्या डरकाळीने जो ताण साठला, तोच पुढच्या क्षणी हसण्याला जोर देतो. पण ही शिल्लक फार काळ टिकत नाही. विनोद लवकर आला तर ताण साठलेलाच नसतो, उशिरा आला तर तो ओसरून गेलेला असतो. भूतकथा सांगणाऱ्या आजीलाही हे ठाऊक असते. ती नेमक्या ठिकाणी थांबते आणि मग एकदम हात पकडते. फरक इतकाच की आजीचा हिशेब ऐकणाऱ्याचा चेहरा पाहून होतो, आणि जोन्स यांना तो अंधारातल्या, अजून जमायच्या असलेल्या गर्दीसाठी आगाऊ करावा लागला.

आवाजाची बाजू कार्ल स्टॉलिंग या संगीतकाराने सांभाळली. मूकपटांच्या काळात ते चित्रपटगृहात ऑर्गन वाजवत, आणि पडद्यावर जे घडेल त्याला जागच्या जागी सूर देण्याची सवय त्यांना तिथेच लागली. १९२९ साली डिस्नेकडे असताना नाचणाऱ्या सांगाड्यांच्या लघुपटाचे संगीतही त्यांनीच केले होते, त्यामुळे स्मशान आणि ठेका यांची सांगड त्यांना नवी नव्हती. राक्षस पाय टाकील तसा सूर पडावा, ही पद्धत भीतीचे नकळत नुकसान करते. भीतीला अनिश्चितता लागते. ठेक्यात चालणाऱ्या राक्षसाचे पुढचे पाऊल केव्हा पडणार हे कानाला आधीच कळते, आणि ज्याच्या पावलांवर ताल धरता येतो, त्याची दहशत कमी होते. जिथे खरोखर दचकवायचे असते, तिथे संगीत थांबते. विकृत आवाज भयानकाचा, तालातला विकृत आवाज हास्याचा, असे म्हणायला हरकत नाही.

या सगळ्या तयारीनंतर लघुपटातला सर्वांत प्रसिद्ध प्रसंग येतो. राक्षसाच्या तावडीत सापडण्याच्या बेतात असलेला बग्ज अचानक पळायचे थांबतो, नखे रंगवणाऱ्या बाईची भूमिका घेतो, राक्षसाला समोर बसवतो, त्याचा अजस्र पंजा हातात घेतो आणि अशा दुकानांत चालतात तशा गप्पा सुरू करतो. राक्षसांचे आयुष्य किती रंजक असेल, वगैरे. आणि राक्षस बसून राहतो! थोडा लाजतोही. शेवटी तो बोटे भिजवण्यासाठी पाण्याच्या भांड्यांत घालतो आणि तिथे लपवलेले उंदरांचे सापळे फटाफट मिटतात.

या प्रसंगात भय नेमके कशाने मोडले? राक्षसाचा आकार, बळ, भूक यांपैकी काहीच बदललेले नाही. बदलले ते बग्जचे वागणे. भयकथेत राक्षस किती भयंकर आहे, हे आपण त्याच्यासमोर उभ्या असलेल्या माणसाच्या चेहऱ्यावर वाचतो. तो घाबरला की आपण घाबरतो. भरताने कंप, घाम, स्वरभेद असे अनुभाव, म्हणजे भाव बाहेर दाखवणाऱ्या खुणा, सांगितले आहेत ते याचसाठी. बग्ज हे अनुभाव गाळून टाकतो आणि त्यांच्या जागी दुसऱ्याच एका नात्याचे, दुकानदार आणि गिऱ्हाइकाचे, अनुभाव ठेवतो. राक्षसही त्या नात्याला बळी पडतो, कारण गिऱ्हाइकाने कसे बसावे, हे त्यालाही ठाऊक आहे. आपण दवाखान्यात किंवा केशकर्तनालयात खुर्चीत बसलो की जसे आपोआप आज्ञाधारक होतो, तसेच हे घडते. मराठी प्रेक्षकाला याची उलटी बाजू परिचित आहे: १९९३च्या ‘झपाटलेला’ या चित्रपटात खुनी तात्या विंचू हा बाहुल्याच्या देहात अडकलेला असल्यामुळे त्याच्या धमक्या आणि त्याची उंची यांचे कधीच जमत नाही. तिथे इजा खरी आणि देह खेळण्याचा, इथे देह अजस्र आणि वागणे गिऱ्हाइकाचे.

आनंदवर्धनाची पहिली युक्ती आता कामाला येते. लघुपटाच्या सुरुवातीला भयाचा आश्रय बग्ज आहे. आपल्यावर कोणीतरी नजर ठेवून आहे असे वाटते का कधी, असे तो बिळाजवळ आपल्यालाच विचारतो, आणि शास्त्रज्ञ खरोखरच पडद्यावर त्याला न्याहाळत असतो. मधल्या पळापळीत हा आश्रय हळूहळू सरकतो. राक्षस आरशात पाहतो, तर त्याचे प्रतिबिंबच किंचाळून पळून जाते. भिंतीवरच्या तसबिरीतून डोळे लावून तो पाहतो, तर बग्ज त्या डोळ्यांत बोटे घालतो. आणि शेवटी, सगळे मार्ग संपल्यावर, बग्ज सुरुवातीचाच प्रश्न राक्षसाला विचारतो, आणि समोरच्या अंधाराकडे बोट दाखवतो. राक्षस पाहतो. तिथे आपण बसलेलो आहोत. माणसे दिसताच तो किंचाळत सुटतो आणि एकामागून एक भिंती फोडत पळतो. प्रत्येक भिंतीत त्याच्या आकाराचे भोक तेवढे राहते.

हा शेवट फार काळजीपूर्वक बांधलेला आहे. ज्या प्रश्नाने आपण घाबरायला लागलो होतो, त्याच प्रश्नाने आता आपण घाबरवणारे ठरलो. भय नष्ट झालेले नाही, त्याने फक्त घर बदलले. ते सगळेच्या सगळे राक्षसाकडे गेले, आणि आपल्याकडे हास्य एकटे उरले. ओळीने बसून, अंधारात, शेकडो डोळ्यांनी एकटक पाहणारा जमाव हा एखाद्या केसाळ, भित्र्या प्राण्याला विकृत वाटला, तर त्यात त्याचे फारसे चुकले असेही म्हणता येत नाही.

राहिली ती दुसरी युक्ती, मध्ये तिसरा रस घालण्याची. शास्त्रज्ञाने बग्जला गढीपर्यंत आणले ते एका यांत्रिक सशिणीच्या मागे लावून. भयाच्या आधी शृंगाराचा हा देखावा येतो, आणि बग्जने तिचा हात हाती घेऊन मुका घेताच ती सुटे भाग होऊन कोसळते, तेव्हा तोही संपतो. राक्षस पळाल्यावर ही सशीण पुन्हा येते. बग्ज ती यंत्र आहे म्हणून तिला झटकून टाकतो, ती त्याच्या गालावर ओठांचा ठसा उमटवते, आणि तो यंत्र तर यंत्र, असे म्हणून तिच्या मागे निघतो. फ्रेंच तत्त्वज्ञ आंरी बर्गसाँ यांनी १९०० साली हास्यावरच्या पुस्तकात लिहिले होते की, जिवंत माणसावर यंत्रपणाचे कवच चढलेले दिसले की आपण हसतो. बग्ज जातो तो पाय ताठ करून, हात झटक्याने हलवत, चावी दिलेल्या खेळण्यासारखा.